दगड कसा आहे

बांधावरून चालताना खाली बघू नका,
असं मी सांगत नाही.
बघा. खालीच बघा.
डोंगर कुठे जात नाही, पाय जातो.

उजवीकडे मांडीभर चिखल,
डावीकडे तीन पुरुष खोल नुसती हवा,
मधे वीतभर दगडी काठ.
पडायचंच झालं तर चिखलात पडा.
सतरा वर्षं पाहुण्यांना हेच माझं पहिलं वाक्य.
हसतात, मग एकदम गप्प होतात.

वाउटर चिखलात पडला. कंबरेपर्यंत.
त्याच्या देशात म्हणे डोंगरच नाहीत,
पण बांध आहेत, समुद्र अडवायला.
इंगायोन म्हातारी लावणी सोडून हसली,
रोपांची मूठ तिच्या हातात तशीच,
मग तिनंच त्याचे पाय धुतले
आणि पायांकडे बघत मला म्हणाली,
एवढ्या मोठ्या पायांना बांध तरी कुठून पुरणार.

तिच्या घराला चार खांब,
प्रत्येक खांबाला लाकडी चकती, उंदरांसाठी.
शेजारी नातवाचं पत्र्याचं घर, तिथे टीव्ही.
रात्री तिनं शिडी वर ओढून घेतली.
कशासाठी, वाउटरनं विचारलं.
मी तिला विचारलं.
खाली ठेवली तर कुत्रा झोपतो तिच्यावर, ती म्हणाली.
खरं कारण जुनं आहे, रक्ताचं आहे,
पाहुण्यांना तेच ऐकायचं असतं.
मी कुत्र्याचंच सांगितलं.

पहाटे वरची ताल ढासळली.
आवाज फार नाही,
झोपेत कुणी घसा खाकरावा इतका.
उजाडलं तर एक खाचर खालच्या खाचरात जाऊन बसलेलं,
रोपांसकट, पाण्यासकट.

मी म्हणालो, आजची वाट बंद, अर्धे पैसे परत.
तो म्हणाला, मला एक दगड दे.

आज तुझ्या बांधावर, उद्या माझ्या:
याला आम्ही उब्बु म्हणतो,
पैशाचा त्यात शब्दच नाही.
नदीपासून चढ. पोरांच्या चार खेपा झाल्या
तेव्हा याचा एक दगड वर आला, पोटाशी धरलेला,
तान्ह्या पोरासारखा.
त्यानं तो स्वतः लावला. देखणा लावला,
लांब बाजू बाहेर, सगळ्यांना दिसेलशी.
तो पाणी प्यायला वळला तसा
तुगिनायनं दगड उपसला, फिरवला,
लांबी आत ढकलली, वितभर तोंड बाहेर ठेवलं.
वाउटरनं पाहिलं. काही बोलला नाही.
संध्याकाळी सुपारी-चुना चघळून
लाल थुंकला आमच्यासारखा, आणि ओकला.

तेव्हापासून कापणी झाली की त्याचा निरोप येतो:
दगड कसा आहे?

पहिल्या वर्षी मी खरंच शोधला.
चाळीस हात भिंत, सगळी ओली, सगळी करडी.
शेवटी एका दगडाचा फोटो पाठवला.
दुसऱ्या वर्षी दुसऱ्या.
तिसऱ्या वर्षी त्यानं लिहिलं,
मागच्या वर्षीचा माझा नव्हता.
पण चांगला होता.

तुगिनायला ठाऊक असणार.
पण तुगिनाय आता त्याच उतारावर आहे, मातीखाली,
आणि हयात असता तरी म्हणाला असता,
भिंतीत गेल्यावर कसला माझा-तुझा.

काल इंगायोनला विचारलं.
ती काही बोलली नाही. पदर खोचावा तसं लुगडं खोचलं,
भिंतीतून बाहेर आलेल्या एका दगडावर पाय दिला,
पुढच्यावर दुसरा,
आणि वरच्या खाचरात निघून गेली.

मी फोटो काढला तेव्हा तिचं पाऊल अर्धं उचललेलं होतं.
टाचेच्या भेगा आल्यात, चिखल आलाय,
दगडाच्या पोटाला चिकटलेली
गोगलगायीची गुलाबी अंडी आलीत,
जी आम्ही दिसतील तिथे खरवडून काढतो.

नेटवर्क फक्त शाळेच्या उतारावर मिळतं.
अजून पाठवला नाही.
आधी अंडी खरवडून यायचंय.